फॉसप्रोपोफॉल : एका औषधाच्या नावाची फोड

औषधांची नावं कशी वाचायची, हा आपल्या आजच्या बोलण्याचा विषय आहे. त्यासाठी आपण एकच नाव घेणार आहोत : फॉसप्रोपोफॉल. नाव लांबलचक आहे, पहिल्यांदा उच्चारताना जीभ अडखळते. पण एकदा त्याची फोड जमली की तशाच ठेवणीची बरीच नावं वाचता येतात. आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे, नावात काय लिहिलेलं नसतं तेही कळायला लागतं. हा दुसरा भाग आपण जास्त सावकाश पाहू, कारण डोस चुकतो तो बहुधा तिथेच.

आधी औषधाची ओळख करून घेऊ. फॉसप्रोपोफॉल हे शिरेतून देण्याचं गुंगीचं औषध आहे. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने त्याला डिसेंबर २००८ मध्ये मान्यता दिली. मोठ्या आतड्याची किंवा श्वासनलिकेची दुर्बिणीतून तपासणी करायची असेल, तर रुग्णाला पूर्ण भूल न देता गुंगीत ठेवायचं, यासाठी ते होतं. फक्त प्रौढांसाठी, आणि तेही भूल देण्याचं प्रशिक्षण घेतलेल्या माणसाच्या देखरेखीखाली.

आता गंमत बघा. या एकाच पदार्थाला किती नावं होती! प्रयोगशाळेत असताना त्याला सांकेतिक क्रमांक होता, जीपीआय १५७१५. चाचण्यांच्या काळात त्याला अ‍ॅक्वावान म्हणत. बाजारात ते लुसेड्रा म्हणून आलं. रसायनशास्त्रज्ञ त्याला एका ओळीत मावणार नाही असं नाव देतात. आणि या सगळ्यांच्या मध्ये उभं असलेलं, कुणा कंपनीच्या मालकीचं नसलेलं नाव म्हणजे फॉसप्रोपोफॉल. यालाच आपण बोलताना जेनेरिक नाव म्हणतो.

ही जेनेरिक नावं कुणाच्या लहरीप्रमाणे ठरत नाहीत. जागतिक आरोग्य संघटनेने १९५० साली या कामाचा ठराव केला आणि १९५३ साली पहिली यादी प्रसिद्ध झाली. तेव्हापासून नावांचे काही अंश ठरलेले आहेत. एका कुळातल्या औषधांच्या नावात एक समान तुकडा असतो. 'प्रिल'ने संपणारी रक्तदाबाची औषधं किंवा 'प्राझोल'ने संपणारी पित्ताची औषधं तुमच्या घरात असतीलच. इंग्रजी स्पेलिंगचाही एक नियम आहे : जुन्या ग्रीक वळणाचं 'पीएच' टाळून साधं 'एफ' लिहायचं. म्हणून 'फॉस्फेट'मधला 'फॉस' औषधाच्या नावात 'एफ'ने सुरू होतो. आपल्या देवनागरीला या सुधारणेची गरजच नव्हती, आपल्याकडे पहिल्यापासून एकच 'फ' आहे.

नावाची फोड, उजवीकडून डावीकडे

सुरुवात 'प्रोपोफॉल'पासून करू. प्रोपोफॉल हे स्वतंत्र औषध आहे आणि आज जगभर भूल देण्यासाठी सगळ्यात जास्त वापरल्या जाणाऱ्या औषधांपैकी एक आहे. त्याचं रासायनिक नाव २,६-डायआयसोप्रोपिलफेनॉल. यातल्या 'आयसोप्रोपिल'मधून 'प्रोप' आला आणि 'फेनॉल'मधून 'फॉल'.

इथे एक फसवी जागा आहे. ज्या औषधाचं शरीरात गेल्यावर रूपांतर होऊन खरं औषध तयार होतं, त्याला प्रोड्रग म्हणतात. मराठीत पूर्वऔषध म्हणता येईल. हा शब्द एड्रियन अल्बर्ट या शास्त्रज्ञाने १९५८ साली वापरात आणला. आता 'प्रोड्रग'मध्ये 'प्रो' आहे, 'प्रोपोफॉल'मध्येही 'प्रो' आहे. तेव्हा प्रोपोफॉल हेच प्रोड्रग असावं, असं वाटणं साहजिक आहे. पण दोन्ही 'प्रो'चा एकमेकांशी काही संबंध नाही. प्रोपोफॉलचा 'प्रो' हा प्रोपिलचा आहे, ते औषध स्वतःच थेट काम करतं. प्रोड्रग आहे ते फॉसप्रोपोफॉल, आणि त्याची खूण 'प्रो'त नसून 'फॉस'मध्ये आहे.

हा 'फॉस' लावायची गरज का पडली? तर प्रोपोफॉलची एक अडचण आहे. ते पाण्यात जवळजवळ विरघळतच नाही. शिरेतून द्यायचं तर पाण्यात मिसळायला हवं. म्हणून ते सोयाबीन तेलात घेऊन, अंड्यातल्या लेसिथिनच्या मदतीने पाण्यात घुसळलेलं असतं. त्यामुळे प्रोपोफॉल दुधासारखं पांढरं दिसतं. ही तऱ्हा चालते, पण तिची किंमत आहे. टोचताना शिरेत झोंबतं. तेलाच्या मिश्रणात जंतू वाढू शकतात, म्हणून उघडलेली कुपी काही तासांत टाकून द्यावी लागते.

यावर रसायनशास्त्रज्ञांनी उपाय काढला तो असा : प्रोपोफॉलच्या रेणूला फॉस्फेटचा गट जोडायचा. फॉस्फेटला पाणी आवडतं. तो जोडला की अख्खा रेणू पाण्यात विरघळतो. तेल नको, अंडं नको, पांढरा रंग नाही, स्वच्छ द्रावण. चाचण्यांच्या काळातल्या 'अ‍ॅक्वावान' या नावात 'अ‍ॅक्वा' म्हणजे पाणी आहे, हे आता तुमच्या लक्षात आलं असेल.

पण फॉस्फेट जोडलेला हा रेणू स्वतः गुंगी आणत नाही. तो रक्तात गेला की अल्कलाइन फॉस्फटेज नावाचं विकर, म्हणजे एन्झाइम, त्याचा फॉस्फेट तोडतं आणि आतलं प्रोपोफॉल मोकळं होतं. हे विकर तुम्हाला अनोळखी नाही. यकृताच्या तपासणीच्या रिपोर्टमध्ये 'एएलपी' म्हणून एक ओळ असते ना, तेच हे.

आपल्याकडे पूर्वी व्यापारी हुंडी वापरत. रोख रक्कम घेऊन प्रवास करणं जोखमीचं, म्हणून हुंडी घेऊन जायची आणि मुक्कामी पोचल्यावर पेढीवर वटवायची. फॉसप्रोपोफॉल ही तशी हुंडी आहे. प्रवासात सोयीची. वटवल्याशिवाय मात्र खर्चता येत नाही. पेढीचं काम अल्कलाइन फॉस्फटेज करतं.

नाव जे सांगत नाही

इथपर्यंत नाव किती चोख आहे असं वाटेल. 'फॉस' अधिक 'प्रोपोफॉल', दोन तुकडे, दोन्हींचा अर्थ लागला. आता न सांगितलेल्या गोष्टी मोजू.

पहिली गोष्ट : मधला पूल. फॉस्फेट थेट प्रोपोफॉलला चिकटलेला नाही. दोघांच्या मध्ये एका कार्बनचा छोटा दुवा आहे. फॉस्फेट तुटला की हा दुवाही सुटतो आणि त्याचं फॉर्माल्डिहाइड होतं. म्हणजे प्रत्येक रेणूमागे एक प्रोपोफॉल, एक फॉस्फेट आणि एक फॉर्माल्डिहाइड. फॉर्माल्डिहाइड म्हटल्यावर आपल्याला शवविच्छेदनगृह आठवतं, पण घाबरायचं कारण नाही. आपलं शरीर थोडं फॉर्माल्डिहाइड स्वतःही बनवतं आणि त्याचं झटपट फॉर्मेट करून टाकतं. ठरलेल्या डोसमध्ये रक्तातलं फॉर्मेट वाढलेलं दिसलं नव्हतं. मुद्दा असा की मान्यता देताना ज्या पदार्थाकडे बारकाईने पाहावं लागतं, त्याचा नावात मागमूस नाही.

दुसरी गोष्ट : वजनाचा हिशेब. पूर्ण नाव फॉसप्रोपोफॉल डायसोडियम. त्याचा रेणुभार सुमारे ३३२, प्रोपोफॉलचा सुमारे १७८. भागाकार करा, १.८६ येतो. म्हणजे १.८६ मिलिग्रॅम फॉसप्रोपोफॉल डायसोडियम दिलं तर जास्तीत जास्त १ मिलिग्रॅम प्रोपोफॉल मिळतं. हुंडी वटवताना कापली जाणारी रक्कम म्हणा हवं तर. लुसेड्राच्या कुपीत एका मिलिलिटरमध्ये ३५ मिलिग्रॅम औषध असे. ६० किलो वजनाच्या निरोगी माणसासाठी पहिला डोस ११ मिलिलिटर, म्हणजे ३८५ मिलिग्रॅम. त्यातून मिळणारं प्रोपोफॉल सुमारे २०७ मिलिग्रॅम. आता कल्पना करा की घाईत कुणी म्हणालं, 'अमुक मिलिग्रॅम प्रोपोफॉल भर', आणि ऐकणाऱ्याने फॉसप्रोपोफॉल समजून भरलं, किंवा उलट झालं. बोलताना नावाचा पहिला किंवा शेवटचा तुकडा गिळायची आपल्या सगळ्यांनाच सवय असते. इथे एक 'फॉस' गिळला तर डोस जवळजवळ दुपटीने चुकतो.

तिसरी गोष्ट : वेळ. प्रोपोफॉल शिरेत गेलं की मिनिटाभरात माणूस गुंगतो. फॉसप्रोपोफॉलला आधी वटावं लागतं, म्हणून परिणाम पूर्ण दिसायला काही मिनिटं जास्त लागतात. प्रोपोफॉलची सवय असलेल्या हाताला हे औषध लागूच पडत नाही असं वाटू शकतं. तो आणखी डोस देतो, मग आधीचा आणि नंतरचा दोन्ही एकदम वटतात आणि रुग्णाचा श्वास मंदावतो. म्हणूनच पुढचा डोस चार मिनिटांच्या आत द्यायचा नाही, अशी स्पष्ट सूचना माहितीपत्रकात होती. नाव ऐकून कुणाला ही चार मिनिटं सुचणार नाहीत.

चौथी गोष्ट : त्रास. हे औषध दिल्यावर बऱ्याच रुग्णांना मांड्यांच्या मधल्या भागात मुंग्या, जळजळ किंवा खाज जाणवे, थोडाच वेळ. फॉस्फेट जोडलेल्या आणखी काही इंजेक्शनांत ही तक्रार दिसते. डेक्सामेथासोन सोडियम फॉस्फेट शिरेतून भरभर दिलं की रुग्ण हेच सांगतो, हे आपल्याकडच्या परिचारिकांना चांगलं ठाऊक आहे. रुग्णाला आधी सांगून ठेवलं तर तो दचकत नाही.

आणि कायद्याचं बघा. अमेरिकेत २००९ साली फॉसप्रोपोफॉल नियंत्रित पदार्थांच्या चौथ्या अनुसूचीत टाकलं गेलं. त्याच वर्षी मायकेल जॅक्सनच्या मृत्यूमुळे प्रोपोफॉलचं नाव घरोघरी पोचलं होतं. तरीही खुद्द प्रोपोफॉल तिथल्या केंद्रीय अनुसूचीत नव्हतं. म्हणजे ज्यातून प्रोपोफॉल तयार होतं ते नियंत्रित, आणि प्रत्यक्ष प्रोपोफॉल मात्र नाही! नावं इतकी जवळची, पण कपाटाला कुलूप एकाच्याच.

अमेरिकेच्या बाजारात लुसेड्रा फार वर्षं टिकलं नाही. प्रोपोफॉल स्वस्त होतं, लवकर काम करत होतं, हाताला सवयीचं होतं. तरी ज्या युक्तीने ते बनलं, ती युक्ती आजही ठिकठिकाणी वापरात आहे. म्हणून आता त्याच्या भावंडांकडे वळू.

'फॉस'ची भावंडं, सख्खी आणि चुलत

फॉसफेनिटॉइन हे सख्खं भावंड. झटक्यांवरच्या फेनिटॉइनला फॉस्फेट जोडून केलेलं, मधला कार्बनचा दुवा तसाच. फॉसअ‍ॅप्रेपिटंट हे अ‍ॅप्रेपिटंटचं प्रोड्रग, केमोथेरपीतल्या उलट्यांसाठी. फॉसअ‍ॅम्प्रेनाविर हे अ‍ॅम्प्रेनाविरचं, एचआयव्हीसाठी. या तिन्हींत 'फॉस' काढला की आतल्या औषधाचं नाव उरतं.

यावरून 'फॉस' म्हणजे प्रोड्रग असा नियम करावासा वाटेल. करू नका. मूत्रमार्गाच्या संसर्गावरचं फॉसफोमायसिन प्रोड्रग नाही, ते थेट जंतूंवर काम करतं. फॉसकारनेट हे विषाणूंवरचं औषधही प्रोड्रग नाही. रक्तदाबाचं फॉसिनोप्रिल प्रोड्रग आहे खरं, पण 'फॉस'मुळे नाही. त्याचा फॉस्फरस शेवटपर्यंत जागेवरच राहतो, शरीरात सुटतो तो दुसराच एक तुकडा. तेव्हा 'फॉस' एवढंच सांगतो की या रेणूत फॉस्फरस आहे. तो सुटणार की राहणार, यावर तो काही बोलत नाही. उलट काही प्रोड्रगांच्या नावात 'फॉस' नसतोच, फॉस्फेट वेगळा शब्द म्हणून मागे येतो. क्लिंडामायसिन फॉस्फेट हे त्याचं उदाहरण.

डोसचं म्हणाल तर सख्ख्या भावंडांतही एकवाक्यता नाही. फॉसप्रोपोफॉलचा डोस त्याच्या स्वतःच्या वजनात मोजायचा. फॉसफेनिटॉइनचा मात्र आतल्या फेनिटॉइनच्या वजनात, ज्याला 'फेनिटॉइन समतुल्य' म्हणतात. तिथे ७५ मिलिग्रॅम फॉसफेनिटॉइन सोडियम म्हणजे ५० मिलिग्रॅम समतुल्य. या हिशेबात गोंधळ होऊन माणसं दगावलेली आहेत. १० मिलिलिटरच्या कुपीवर दर मिलिलिटरमागे ५० मिलिग्रॅम समतुल्य असं लिहिलेलं होतं. काहींनी अख्ख्या कुपीतच ५० मिलिग्रॅम आहेत असं वाचलं. प्रत्यक्षात होते ५००. डोस दसपट गेला. पुढे वेष्टनं बदलावी लागली. अक्षरं तीच होती, वाचणारेही शिकलेले होते. कुपीवरचा आकडा कशाचा आहे, हा प्रश्न विचारायचा राहून गेला.

आपल्या ओळखीचं नाव : ट्रायक्लोफॉस

हे सगळं परदेशातलं झालं, आपल्याला काय, असं कुणी म्हणेल. तर आता 'फॉस' नावाच्या शेवटी नेऊ. ट्रायक्लोफॉस. ज्यांच्या लहान मुलाचा ईईजी किंवा हृदयाची इको तपासणी झाली आहे, त्यांच्यापैकी अनेकांनी हे सिरप पाहिलं असेल. मूल हललं तर तपासणी होत नाही, म्हणून त्याला झोपवायला आपल्याकडे ते देतात.

फोड करा. 'ट्रायक्लो' म्हणजे तीन क्लोरीन, 'फॉस' म्हणजे फॉस्फेट. हेही प्रोड्रग. शरीरात त्याचा फॉस्फेट सुटतो आणि ट्रायक्लोरोइथेनॉल मोकळं होतं, झोप आणतं ते हे. इथे मात्र फॉस्फेट जोडण्याचा फायदा पोटाला आणि जिभेला झाला, कारण याचं जुनं भावंड क्लोरल हायड्रेट चवीला वाईट आणि जठराला झोंबणारं.

क्लोरलची कथाही थोडक्यात सांगतो. युस्टुस फॉन लीबिग यांनी ते १८३२ साली तयार केलं. १८६९ साली बर्लिनच्या ऑस्कर लीब्राइख यांनी ते झोपेसाठी वापरलं. त्यांचा कयास असा की रक्तात जाऊन त्याचं क्लोरोफॉर्म होईल आणि रुग्ण झोपेल. रुग्ण झोपले. कयास मात्र चुकीचा होता, तयार होत होतं ते ट्रायक्लोरोइथेनॉल. म्हणजे प्रोड्रग ही कल्पना शब्दाच्या जवळजवळ ९० वर्षं आधी वापरात होती, तीही चुकीच्या वाटेने बरोबर मुक्कामी पोचलेली.

आता आपल्या कामाची गोष्ट. क्लोरल हायड्रेट आणि ट्रायक्लोफॉस ही दोन नावं वाचताना दोन वेगळी औषधं वाटतात. शरीरात दोन्हींचं एकच होतं. एक दिल्यावर मूल झोपलं नाही म्हणून दुसरं दिलं, तर त्याच औषधाचा डोस वाढवल्यासारखं होतं. शिवाय दोन्हींचे मिलिग्रॅम सारखे नाहीत. रेणुभाराच्या हिशेबाने १००० मिलिग्रॅम ट्रायक्लोफॉस सोडियममधून सुमारे ६०० मिलिग्रॅम ट्रायक्लोरोइथेनॉल निघू शकतं, १००० मिलिग्रॅम क्लोरल हायड्रेटमधून सुमारे ९००. आणि हुंडी वटायला वेळ लागतो, हे इथेही खरंच आहे. अर्ध्या तासात मूल झोपलं नाही म्हणून आईवडिलांनी आपल्या मनाने आणखी चमचाभर पाजणं, हा त्यातला सगळ्यात मोठा धोका. गुंगीत मुलाचा श्वास मंदावू शकतो, जीभ मागे पडू शकते. म्हणून हे सिरप निघताना घरी पाजायचं नसतं. तपासणीच्या जागी, वजन करून, लक्ष ठेवणारं माणूस समोर असताना द्यायचं असतं. घरून आधीच काही दिलं असेल तर ते न लाजता सांगायचं, बाटलीच दाखवायची.

आपल्याकडे डॉक्टरांनी औषध जेनेरिक नावाने, वाचता येईल अशा आणि शक्यतो कॅपिटल अक्षरांत लिहावं, अशी सूचना २०१६ साली वैद्यक परिषदेच्या नियमांत आली. त्यामुळे ही नावं आता आपल्यासमोर जास्त वेळा येणार. ती वाचताना तीन प्रश्न विचारायची सवय लावून घेऊ. या नावात कोणते तुकडे आहेत? शरीरात गेल्यावर यातून काय बाहेर पडतं, आणि किती वेळाने? आणि हा जो आकडा लिहिला आहे, तो बाहेरच्या औषधाचा की आतल्या? पहिल्याचं उत्तर नावात मिळतं. उरलेल्या दोन्हींसाठी माहितीपत्रक उघडावं लागतं, किंवा समोरच्या डॉक्टरांना, औषध विक्रेत्याला, परिचारिकेला विचारावं लागतं. विचारायला संकोच नको. मुलाला सिरप पाजण्याआधी 'हे किती वेळाने लागू पडेल?' एवढं विचारलं, तरी दुसरा चमचा भरायला उचललेला हात थांबतो.